मराठी कळणारी बाई

डुक्कर किंचाळायला लागलं तेव्हा यशोधन इंगवले हसला.

जानेवारीची सकाळ होती. अंगणातल्या गवतावरचं दव गोठून पांढरं पडलं होतं आणि बोलणाऱ्या प्रत्येकाच्या तोंडातून वाफ निघत होती. चौघा दांडग्या माणसांनी ते जनावर एका बुटक्या लाकडी बाकावर आडवं दाबून धरलं होतं. एकाच्या हातात मागचे पाय, एकाच्या हातात कान. आबिलियू नावाचा साठीचा माणूस सुरी पाठीमागे लपवून शांतपणे जवळ आला, त्याने जनावराच्या गळ्यावरून एकदा हात फिरवला आणि सुरी मुठीपर्यंत आत घातली. किंकाळी आणखी चढली, मग घरघर झाली. रक्ताची धार खाली धरलेल्या मातीच्या परातीत पडू लागली, तिच्यातूनही वाफ निघत होती.

"तासगावात सांगितलं तर कुणाला खरं वाटायचं नाही," यशोधन म्हणाला. तो फोन धरून चित्रण करत होता. दोन्ही फोन त्याच्याकडेच होते, त्याचा हातात आणि बायकोचा त्याच्या कोटाच्या खिशात.

त्याची बायको अनुप्रिता माझ्या शेजारी उभी होती. तिशीची, सडपातळ, गळ्याभोवती राखाडी लोकरीचा स्कार्फ घट्ट गुंडाळलेला. तिने नजर हटवली नव्हती.

"ताई, ह्या आजी रक्तात हात घालून काय करतायत?" तिने मला विचारलं.

"ढवळतायत. नाहीतर गोठतं. त्यात व्हिनेगर घातलंय. आमच्याकडे वसईलाही नाताळात डुकराच्या रक्तामांसाचं सोरपोतेल करताना असंच करायचे जुने लोक."

"ऐकलंस?" यशोधन वळून म्हणाला. "जा, मदत कर म्हातारीला."

"नको."

"जा म्हटलं ना."

त्याने तिच्या मानेवर हात ठेवला. लांबून बघणाऱ्याला वाटलं असतं, नवरा लाडाने पुढे नेतोय. मी जवळ होते. त्याची बोटं तिच्या मानेत रुतलेली मला दिसली. त्याने तिला वाकवलं, गुडघ्यांवर बसवलं, आणि दुसऱ्या हाताने तिचं मनगट धरून परातीत दाबलं. तिच्या स्वेटरची बाही रक्तात भिजली.

परातीशी बसलेल्या म्हातारीने, त्या घराच्या मालकिणीने, मान वर केली. दोना इदालिना, म्हणजे इदालिनाबाई, तिचं नाव. तिने माझ्याकडे बघून पोर्तुगीजमध्ये विचारलं, "तो काय म्हणाला तिला?"

मी शब्दाला शब्द सांगितलं. इदालिनाने अनुप्रिताचा हात बाहेर काढला आणि आपल्या एप्रनने एकेक बोट पुसलं.

"त्याला सांग, माझ्या अंगणात कोणी काय करायचं ते मी ठरवते."

मी तेही सांगितलं. यशोधन पुन्हा हसला. "बाई कडक आहे. आवडलं आपल्याला."

मी एल्विना तुस्कानो. वसईजवळच्या गिरीजची. लग्न करून गोव्याच्या आग्नेलच्या घरी गेले, त्याला आजोबांमुळे पोर्तुगालचे कागद मिळाले आणि आम्ही लिस्बनला आलो. तिथे आधी लोकांच्या घरची फरशी पुसता पुसता भाषा शिकले, मग गाइडची परीक्षा दिली. सात जणांची गाडी स्वतः चालवायची, पाहुण्यांना सकाळी हॉटेलवरून उचलायचं आणि संध्याकाळी परत सोडायचं, हे माझं काम. 'वाइन, जेवण आणि संस्कृती, एका दिवसात, फक्त तुमच्यासाठी' असं आमच्या ऑफिसचं ब्रीद होतं. महाराष्ट्रातलं कोणी आलं की ते बहुतेक माझ्या वाट्याला यायचं. ह्या नवराबायकोच्या बाबतीत तर ऑफिसला खास कळवण्यात आलं होतं की गाइड मराठीच पाहिजे.

यशोधनच्या द्राक्षबागा होत्या. बेदाण्याच्या धंद्यात तीन पिढ्या. आता त्याला वायनरी काढायची होती. सकाळी तेजू नदीवरचा पूल ओलांडून आम्ही दक्षिणेकडच्या आलेंतेजू प्रांताकडे निघालो तेव्हा तो मागच्या सीटवरून छान बोलत होता. बाटल्यांच्या बुचांसाठी लावलेली बुचाची झाडं, त्यांच्या साली सोलून काढलेले लालभडक बुंधे, पांढऱ्या घरांना खाली ओढलेले निळे पट्टे, सगळ्यांबद्दल त्याने विचारलं. प्रश्न चांगले होते. आवाज मऊ होता. मी आरशात बघितलं तर बोलता बोलता तो बायकोची करंगळी मागे वाकवत होता, अगदी सावकाश. ती खिडकीबाहेर बघत होती. माझी नजर आरशात त्याच्या नजरेला भिडली तेव्हाही त्याने करंगळी सोडली नाही. मी त्याच्या लेखी ड्रायव्हर होते.

डुक्कर मारून झालं, गॅसच्या ज्वाळेने त्याचे केस जाळून झाले. अंगणात जळक्या केसांचा वास भरला. पुरुष पुढच्या कापाकापीला लागले आणि इदालिना आम्हाला घेऊन दारूच्या कोठीत गेली.

त्या भागात वाइन लाकडी पिंपात करत नाहीत, मातीच्या रांजणात करतात. माणसाहून उंच रांजण, ओळीने भिंतीशी उभे. आत अंधार, गारवा आणि आंबट-गोड वास. इदालिनाने एका रांजणाच्या पोटावर थाप मारली. त्याला वरपासून खालपर्यंत चीर गेली होती, ती लोखंडी तारांनी आवळून सांधली होती.

"ह्याने माझ्या नवऱ्याचा डोळा घेतला," ती म्हणाली. "रस आंबताना द्राक्षांच्या साली वर येऊन थर धरतात. तो थर रोज मोडावा लागतो. त्या आठवड्यात जत्रा होती, मोडायचा राहिला. रांजण फुटला. शेजारच्या गावात आवाज ऐकू गेला."

मी सांगितल्यावर यशोधन म्हणाला, "रसाच्या वजनाने फुटला असेल. भाजणी कच्ची असणार."

"वजनाने नाही," अनुप्रिता म्हणाली. ती इंग्रजीत, थेट इदालिनाशी बोलली. "आत वायू तयार होतो. त्याला वाट मिळाली नाही की फुटणारच."

इदालिनाला तेवढं इंग्रजी कळलं. तिचा चेहरा उजळला. "हिला कसं माहीत?"

"मी कॉलेजात रसायनशास्त्र शिकवायचे," अनुप्रिता म्हणाली. "लग्नाआधी."

मग इदालिनाने रांजणाच्या तळाशी असलेली लाकडी तोटी सोडली, पिवळसर वाइनने पेला भरला आणि तो अनुप्रिताच्या हातात दिला. त्या घरात पहिला पेला ज्याला देतात त्याचा मान असतो. तो पाहुण्या पुरुषाला द्यायची पद्धत. यशोधनने अर्ध्यावर पुढे केलेला हात मागे घेतला आणि केसांवरून फिरवला.

अनुप्रिता पीत नसावी. तिने एक घोट घेतला, तोंड वेडंवाकडं केलं आणि हसली. त्या दिवसात ती एवढी एकदाच हसली.

यशोधनही हसत होता. हसतच, वाइनची तारीफ करतोय अशा सुरात, तो तिला मराठीत म्हणाला, "लई अक्कल आलीय. हॉटेलवर चल, जीभ उपटून हातात देतो की नाही बघ."

इदालिनाने विचारलं, "आवडली का त्याला?"

मी म्हटलं, "तो वाइनबद्दल बोलला नाही." आणि जे बोलला ते सांगितलं. म्हातारीने तोटी बंद केली. त्याला तिने आतून दुसरी बाटली आणून दिली, द्राक्षांच्या चोथ्यापासून काढलेली कडक दारू. ती तो अंगणात पुरुषांबरोबर उभा राहून प्यायला. एकावर एक.

स्वयंपाकघरात बायका कलेजी चिरत होत्या. जिरं, लसूण, तमालपत्र, डुकराची चरबी. अनुप्रिता नळाखाली बाही धूत होती. रक्त निघत नव्हतं. मी शेजारी जाऊन उभी राहिले.

"मॅडम, तुम्हाला काही मदत हवी असेल तर सांगा. इथे फोन नंबर असतात अशा वेळी—"

"ताई, तुम्ही वसईच्या ना? तुमच्या घरात वेगळी बोली बोलतात असं ऐकलंय."

"घरात वेगळी. शाळा मराठी होती."

"म्हणजे आमचं सांगलीकडचं बोलणं सगळं कळतं?"

"सगळं."

"शिव्या पण?"

"त्या तर आधी कळतात."

ती बाही पिळत राहिली. "तुम्ही इथेच राहणार ना कायम? भारतात परत जायचा विचार नाही ना?"

मला तो प्रश्न विचित्र वाटला. "नाही. का हो?"

"काही नाही," ती म्हणाली, आणि स्कार्फ सोडून खुंटीला अडकवला. गळ्यावर दोन्ही बाजूंना जुन्या, हिरवट पडलेल्या खुणा होत्या. कलेजी चिरणाऱ्या बायकांचे हात थांबले.

जेवण अंगणाला लागून असलेल्या लांब खोलीत होतं. चुलीत बुचाच्या झाडाची लाकडं जळत होती. टेबलावर मोठमोठे गोल पाव, ऑलिव्ह, मेंढीच्या दुधाचं चीज, कोथिंबीर-लसणीच्या पाण्यात शिळा पाव घालून केलेलं सार, आणि मधोमध चुलीवरून नुकतीच उतरवलेली तळलेल्या कलेजीची कढई. डुक्कर धरणारे ते चौघं, आबिलियू, इदालिना, तिच्या दोन जावा आणि आम्ही तिघं. आबिलियूने पेला उंचावून पाहुण्यांच्या नावाने चार शब्द काढले. यशोधनने पेला उंचावला. त्याचे डोळे लाल झाले होते, पण तो नीट बसला होता.

अनुप्रिता उभी राहिली.

"मी परत येणार नाही," ती म्हणाली. मराठीत, स्पष्ट, वर्गात शिकवल्यासारखी.

"काय?"

"तुझ्याबरोबर. हॉटेलवर नाही, सांगलीला नाही. मी इथून पोलिसांत जाणार आहे."

यशोधनने आधी सगळ्यांकडे बघून स्मित केलं. मग तो उठला आणि त्याने तिच्या तोंडात मारली. उघड्या हाताने नाही, मुठीने. तो आवाज मी कधी विसरले नाही, सुकी फांदी मोडावी तसा. ती भिंतीवर आदळली. पडायच्या आत त्याने तिचे केस धरले आणि तिचं डोकं टेबलावर आपटलं. साराची वाडगी उलटली, पेले फुटले. एकदा आपटलं, परत आपटलं. बायका ओरडल्या. पुरुष बाक मागे सारून उठले, पण टेबल मध्ये होतं, आणि तेवढ्यात त्याने चीजशेजारची सुरी उचलून तिच्या गळ्याला लावली होती. सगळे जागच्या जागी थांबले.

तिचा गाल फाटला होता, एक डोळा मिटला होता. तोंडातून रक्त येत होतं आणि ती बोलत होती.

"सांग ह्यांना. मी जिन्यावरून कशी पडले ते सांग."

"गप बस."

"माझ्या पोटात सहावा महिना होता. तुझी आई दवाखान्यात म्हणाली पाय घसरला. मी पडले का रे? पडले का?"

"नाही पडलीस!" तो किंचाळला. "ढकललं मी! लाथ घालून ढकललं, आणि परत ढकलीन. पोरगी होती ती, काय करायची होती पोरगी? तू पण मरायला पाहिजे होतीस तेव्हाच. कुणाला सांगणार आहेस? ह्या डुकरं कापणाऱ्यांना? कोण ऐकतंय इथं तुझं?"

खोलीतल्या बाकीच्यांना एक अक्षर कळलं नव्हतं. अनुप्रिताने उघडा असलेला एक डोळा फिरवला आणि माझ्याकडे बघितलं.

"ऐकलंत ना, ताई?"

"ऐकलं," मी म्हटलं.

तेव्हा त्याच्या लक्षात आलं. मी सकाळपासून त्याच्याशी मराठीत बोलत होते, त्याला रस्ते, झाडं, जेवण समजावत होते, आणि तरी मला ऐकू येतं हे त्याला तोवर उमगलं नव्हतं. त्याने तिला सोडलं आणि तो माझ्यावर आला.

मी डावा हात पुढे केला एवढं आठवतं. सुरी मनगटाच्या वर घुसून कोपरापर्यंत ओढली गेली. दुखलं नाही. गरम वाटलं. त्याने सुरी पुन्हा वर उचलली तोच दोना इदालिनाने कढई उचलून, कलेजी आणि उकळत्या चरबीसकट, त्याच्या पाठीत घातली.

त्याच्या ओरडण्याचं वर्णन मी करत नाही. तो खाली वाकला आणि ते चौघं त्याच्यावर पडले. एकाने पाय धरले, एकाने हात पिरगाळला, एक छातीवर बसला. आबिलियूने त्याच्या मनगटावर टाच दिली आणि सुरी सुटली. यशोधन शिव्या देत होता, मग बापाचं नाव घेत होता, मग रडत होता. चौथ्या माणसाने रागाच्या भरात त्याच्या तोंडावर बुटाची लाथ घातली. दुसरी घातली. तिसरीला आबिलियूने त्याला ढकलून दिलं.

सुरी घरंगळत अनुप्रिताच्या पायाशी गेली होती. तिने ती उचलली.

ती त्याच्या डोक्याशी जाऊन उभी राहिली. धरणाऱ्यांनी तिच्याकडे पाहिलं आणि, मला आजही नवल वाटतं, त्यांच्यातल्या कोणीही तिला थांबवलं नाही. उलट छातीवर बसलेला माणूस थोडा सरकला. जागा द्यावी तसा.

"अनुप्रिता, नको," मी म्हटलं. माझ्या हाताला इदालिनाची एक जाऊ टॉवेल गुंडाळत होती, तो भिजून जड झाला होता. "बाय माझी, नको करूस."

"घाबरू नका," ती म्हणाली. तुटलेल्या जबड्यातून शब्द चावल्यासारखे येत होते. "मला हा जिवंत पाहिजे."

तिने सुरी चुलीत टाकली आणि खाली बसली. तिथे बसूनच ती बेशुद्ध पडली.

जवळच्या एव्होरा शहरातल्या हॉस्पिटलात आम्हाला एकाच खोलीत ठेवलं होतं. माझ्या हाताला टाके, दोन बोटांची शीर तुटलेली. तिच्या गालाचं हाड मोडलं होतं, जबडा तारेने बांधला होता. दुसऱ्या दिवशी दुपारी ती ओठ न हलवता बोलायला लागली आणि मला हळूहळू सगळं कळलं.

सांगलीत ती दोनदा पोलिसांत गेली होती. दोन्ही वेळा तिच्या आधी सासऱ्यांचा फोन पोचला होता. एकदा चोरून तिने त्याचं बोलणं फोनवर टेपही केलं होतं, ते सापडलं आणि तिचे दोन दात गेले. तेव्हापासून फोन त्याच्या खिशात. माहेरचे म्हणायचे, जमवून घे. मग त्याच्या डोक्यात वायनरी आली आणि परदेश बघायचं ठरलं. फ्रान्स की इटली चाललं होतं. ती शेजारणीच्या कॉम्प्युटरवर बसून देशादेशांचे कायदे वाचत होती. पोर्तुगालमध्ये नवऱ्याने बायकोला मारणं हा सार्वजनिक गुन्हा धरतात, बायकोने तक्रार मागे घेतली तरी खटला चालतो, हे तिने वाचलं. मग रोज थोडं थोडं, रांजणातली वाइन किती जुनी, किती वेगळी, आपल्याकडे असं कोणीच करत नाही, असं ती त्याच्या कानावर घालत राहिली. शेवटी तो आपण होऊन म्हणाला, पोर्तुगालला जाऊ.

"तुमच्या ऑफिसने गोव्याचा माणूस देतो म्हटलं होतं," ती म्हणाली. "मी शेजारणीच्या कॉम्प्युटरवरून त्याच्या नावाने कळवलं, मराठीच पाहिजे."

"आणि डुक्कर मारायचाच दिवस का?"

"त्या दिवशी घरात धट्टीकट्टी माणसं असतात. असं वाचलं होतं."

माझ्या अंगात संताप चढत होता. मला दोन मुलं होती. सुरी चार बोटं इकडे लागली असती तर त्यांना आई उरली नसती.

"मला आधी सांगायचं," मी म्हटलं. "सकाळी नळापाशी सांगायचं. मी विचारलं होतं तुला."

"सांगितलं असतं तर तुम्ही मला तिथूनच पोलिसांत नेलं असतं."

"मग? तेच हवं होतं ना?"

"मग त्याने काय कबूल केलं असतं?" तिच्या डोळ्यांतून पाणी येत होतं, पण आवाज हलत नव्हता. "मी पाय घसरून पडले आणि पोर गेली, असंच सगळ्यांनी लिहिलंय, ताई. डॉक्टरांनी, पोलिसांनी. माझ्या आईनेसुद्धा. मला एक माणूस पाहिजे होतं, त्याच्या तोंडून ऐकलेलं. एकच."

मी भिंतीकडे तोंड करून झोपले. माझा राग उतरायला कित्येक महिने लागले. खरं तर पूर्ण उतरला का, मला सांगता यायचं नाही. पण सुटी झाल्यावर मी तिला माझ्या घरी आणलं, कारण तिला दुसरं घर नव्हतं.

खटला चालू असताना यशोधनचे वडील लिस्बनला आले. पांढरा शर्ट, कपाळावर बुक्का, मृदू बोलणं. आमच्या सोसायटीच्या दारात ते माझी वाट बघत थांबले होते.

"बाई, तुम्ही आपल्याकडच्या. परक्या देशात आपल्याच माणसाला गोत्यात आणायचं, बरं दिसत नाही."

"त्याने मला भोसकलंय, काका."

"त्याबद्दल तो भोगेल. ते सगळ्यांनी बघितलंय. माझं म्हणणं त्या दुसऱ्या बोलण्याबद्दल आहे. गोंधळात माणूस काहीही बडबडतो, आणि तुम्ही घाबरलेल्या होता. नीट ऐकू आलं नाही म्हणालात तर कुणाचं काय जातं?" मग म्हणाले, "वसईला तुमच्या भावाची बेकरी आहे ना, स्टेशन रोडला?"

त्या आठवड्यात भावाच्या बेकरीच्या काचा फुटल्या. भट्टीवरच्या माणसाला मारहाण झाली. भावाने फोनवर मला फक्त एवढंच विचारलं, "एल्विना, तो माणूस असं बोलला होता का?" मी म्हटलं, "बोलला होता." तो म्हणाला, "मग तसंच सांग. काचा मी बसवून घेतो."

कोर्टात मराठीचा दुभाषा मिळता मिळेना. शेवटी एक वयस्क गृहस्थ आले, घरात मराठी बोलणारे, पन्नास वर्षांपूर्वी आफ्रिकेतून लिस्बनला आलेले, सज्जन. यशोधन पिंजऱ्यासारख्या जागेत बसून माझ्याकडे बघत होता. पाठीवर भाजल्यामुळे त्याला टेकून बसता येत नव्हतं. न्यायाधीश बाई होत्या. त्यांनी मला सांगितलं, त्याचे शब्द आधी मराठीत म्हणा, जसेच्या तसे.

मी म्हटले. शिव्यांसकट. दुभाषा घाम पुसत होता. त्याने भाषांतर केलं, "आरोपी म्हणाला की जिन्यावर त्याचा तिला धक्का लागला."

"नाही," मी पोर्तुगीजमध्ये म्हटलं. "धक्का लागला असं तो म्हणाला नाही. तो म्हणाला, ढकललं. लाथ घालून ढकललं. आणि म्हणाला, पोरगी होती ती, काय करायची होती पोरगी."

वकील उठून ओरडायला लागला. न्यायाधीशबाईंनी हात वर केला आणि मला विचारलं, "तुमची खात्री आहे?"

"ती माझी भाषा आहे," मी म्हटलं.

त्याला चार वर्षांची शिक्षा झाली. ती अनुप्रिताला मारल्याबद्दल आणि मला भोसकल्याबद्दल. जिन्याचा गुन्हा भारतात घडला होता, त्याचा न्याय ह्या कोर्टाला करता येत नाही, असं त्या बाईंनी सांगितलं. अनुप्रिताने मान हलवली. तिला ते आधीच माहीत होतं. कोर्टाबाहेर पायरीवर बसून ती एवढी रडली की रस्त्यावरची माणसं थांबली, आणि मी पहिल्यांदा तिला जवळ घेतलं.

शिक्षा संपायच्या आधीच त्याला भारतात परत पाठवलं. त्याने वायनरी काढली. दुसरं लग्न केलं. अनुप्रिता इथेच राहिली. भाषा शिकली, एव्होराला वाइन तपासायच्या प्रयोगशाळेत लागली. डाव्या गालाला तिला अजून थंडीत कळ येते. आम्ही मैत्रिणी झालो असं म्हणता येईल, पण त्या दिवसाबद्दल आम्ही बोलत नाही.

गेल्या मार्चमध्ये भर दुपारी मला भारतातून फोन आला. बाईचा आवाज, कोवळा, दबका. मागे गाड्यांचे हॉर्न आणि माणसांचा गलका.

"एल्विना ताई बोलतायत का? तुम्ही मला ओळखत नाही. मी यशोधन इंगवल्यांची... मी त्यांची मिसेस."



"बोल."

"तुमचा नंबर मला अनुप्रिता मॅडमनी दिला. मी त्यांना फोन केला होता. त्या सांगत होत्या, पण मी म्हटलं, तुम्ही त्यांची आधीची बायको, तुमचा राग असणारच. घरात सगळे म्हणतात त्या खोटारड्या आहेत. मी त्यांना विचारलं, दुसरं कुणी ऐकलंय का. तर त्या म्हणाल्या, एका बाईने ऐकलंय."

"हो."

"ते जिन्याचं. तुम्ही स्वतःच्या कानांनी ऐकलंत? त्यांच्या तोंडून?"

"स्वतःच्या कानांनी. लाथ घालून ढकललं म्हणाला. परत ढकलीन म्हणाला."



"मला पाचवा चालू आहे," ती म्हणाली.

"कुठे आहेस तू आत्ता?"

"सांगलीच्या स्टँडवर. मिरजेला डॉक्टरकडे जाते म्हणून निघालेय. पुण्याची गाडी समोरच लागलीय. मावशी आहे तिथं माझी. पण ताई, मी चढू का? मला काही सुचत नाही. घरी कळलं तर..."

"चढ," मी म्हटलं. "फोन कानालाच ठेव. मी बोलतेय तुझ्याशी. चढ बाय."